अध्ययन रजा : हक्क कीं कृपा?

गेल्या महिन्यांत माझा एक जुना विद्यार्थी सांगलीहून साताऱ्यास मला भेटावयास आला. तो राज्य सरकारच्या कृषि खात्यांत नोकरीस असून, राहुरीच्या कृषि विद्यापीठांत दोन वर्षें राहून वनस्पतिरोगशास्त्रांत वरची पदवी घ्यावी, असें त्याच्या मनांत आहे. "गुरुजी, नोकरीस सात वर्षें झालीं. आतां अभ्यासाची रजा हा माझा हक्कच नव्हे काय?" असें त्यानें विचारलें. मीं त्यास म्हटलें, "बाबा रे, हक्क हा शब्द तूर्त बाजूस ठेव."

तो हिरमुसला, पण माझा नाइलाज होता. ही रजा आपल्याकडे नवी नव्हे. १९२२ सालीं अंमलांत आलेल्या मूलभूत नियमांतही तिची तरतूद होती. आज केंद्र सरकारच्या नोकरांस १९७२ चे रजानियम लागू आहेत व महाराष्ट्र सरकारच्या नोकरांस १९८१ चे. आणि हे दुसरे बऱ्याच अंशीं पहिल्यांच्याच धर्तीवर रचलेले आहेत. दोहोंचेंही सांगणें एकच, कीं कोणतीही रजा हक्क म्हणून मागतां येत नाहीं. सरकारी कामाची अडचण असेल तर वरिष्ठ ती नाकारूं शकतात. तेव्हां नियमांनीं जें मिळतें ती अर्ज करण्याची पात्रता होय, रजा नव्हे. चांगलीं शिकलेलीं माणसेंही येथेंच फसतात.

ती पात्रता अशी. उमेदवारीचा काळ धरून नोकरी पांच वर्षांची झालेली असावी, आणि रजेवरून परतल्यावर तीन वर्षांच्या आंत निवृत्ति येत नसावी. अभ्यासाचा आपल्या कामाशीं निकट संबंध असावा. एका वेळीं सामान्यतः १२ महिने आणि साऱ्या नोकरींत मिळून २४ महिने, ही मर्यादा. माझ्या विद्यार्थ्याचा अभ्यासक्रमच दोन वर्षांचा. म्हणजे जन्माची पुंजी त्यास एकाच फेरींत खर्चावी लागणार. मात्र ही रजा इतर रजेच्या खात्यांतून वजा होत नाहीं, आणि हा काळ ज्येष्ठता, वेतनवाढ व निवृत्तिवेतन यांसाठीं नोकरींतच धरला जातो. उलट बाजूस बंधपत्र आहे : परतल्यावर तीन वर्षें सरकारची नोकरी करीन, न केल्यास रजेच्या काळांतील वेतन व्याजासह परत देईन, असें लिहून द्यावें लागतें. मला तरी हें रास्त वाटतें. रयतेच्या पैशानें शिकून चौथ्या महिन्यांत खासगी कंपनीची वाट धरणें शोभत नाहीं.

एक अट मात्र मला अजून सलते. केवळ पांडित्याच्या अथवा साहित्याच्या विषयांसाठीं ही रजा देऊं नये, असें केंद्राच्या नियमांत म्हटलें आहे. १९८८ सालीं मी सरकारी रजानियम लागू असलेल्या एका शाळेंत मराठी शिकवीत होतों. एके दिवशीं मुलांनीं एका जुन्या ओवींतील शब्दाचा अर्थ विचारला आणि मला तो सांगतां आला नाहीं. मॅट्रिक आणि अध्यापनाची पदविका, एवढीच माझी शिदोरी. विश्वकोशाचें काम ज्या गांवीं चालतें त्या वाईस एका पाठशाळेंत वर्षभर राहून संस्कृत व जुनी मराठी शिकावी, म्हणून मीं रजेचा अर्ज केला. चार महिन्यांनीं तोंडी उत्तर मिळालें, "गुरुजी, विषय साहित्याचा आहे, नियमांत बसत नाहीं."

अहो, साहित्य हेंच तर माझें रोजचें काम होतें! इंजिनियरास पूल, तसा मला शब्द. शिवाय त्याच केंद्राच्या नियमांत दुसरेंही एक कलम आहे : कामाशीं थेट संबंध नसला तरी ज्या अभ्यासानें नोकराच्या मनाचा विस्तार होऊन त्याची पात्रता वाढेल, त्यासाठींही ही रजा देतां येते. हें मला ठाऊक झालें तें निवृत्तीनंतर. आधीं ठाऊक असतें तर निकाल बदलला असता असें मी म्हणत नाहीं. पण नकाराचें लेखी कारण तरी मागितलें असतें. मी वाईस गेलों नाहीं. त्या ओवीविषयीं निवृत्तीपर्यंत मुलांस जें सांगितलें तें अंदाजाचेंच.

असो. विद्यार्थ्यास मीं माझा जुना अर्ज दाखविला आणि आम्हीं दोघांनीं बसून त्याचा मसुदा केला. अर्ज वरिष्ठांमार्फतच जावा, त्यांत अभ्यासक्रमाचें व परीक्षेचें नांव स्पष्ट असावें, आणि प्रवेशाच्या तारखेपूर्वीं पुष्कळ आधीं तो गेलेला असावा. कारण कागद एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर बैलगाडीच्या गतीनें जातो. पहिल्याच ओळींत त्यानें लिहिलेला 'हक्क' हा शब्द मीं खोडला. तासगांवकडील द्राक्षबागांवर केवडा अथवा भुरी पडली म्हणजे शेतकरी तुझ्याकडे येतात. त्यांस औषधाचें नांव सांगण्यापलीकडे तुला आज काय सांगतां येत नाहीं, तें त्याजागीं लिही, असें सुचविलें. तें लिहावयास त्यास अर्धा तास लागला. संध्याकाळच्या एस. टी. नें तो सांगलीस परतला. जातांना म्हणाला, "गुरुजी, नकार आलाच तर तो लेखी मागून घेईन."