काला अंबच्या मुलखातील भालाईत

पानिपत शहराबाहेर काही मैलांवर काला अंब नावाचे स्थळ आहे. तेथे आता आंबा नाही. विटांचा एक स्तंभ आणि भोवती लोखंडी कुंपण. १४ जानेवारी १७६१ रोजी सांडलेल्या रक्ताने येथील आम्रवृक्ष काळा पडला, अशी दंतकथा. उत्तरेकडे गेलेला मराठी माणूस येथे थांबतो, मान खाली घालतो आणि दिल्लीची वाट धरतो. त्याच जिल्ह्यातील खंडरा या खेड्याकडे त्याचे लक्ष जाण्याचे कारण नव्हते. ते घडले ७ ऑगस्ट २०२१ नंतर.

खंडरा गावी २४ डिसेंबर १९९७ रोजी एका शेतकऱ्याच्या एकत्र कुटुंबात नीरज चोप्रा जन्मला. पोर लाडाचे, दूधतुपावर असे पोसले की बाराव्या-तेराव्या वर्षीच अंगाने बेढब झाले. सवंगडी चिडवू लागले. वजन उतरावे म्हणून घरच्यांनी त्याला पानिपतच्या व्यायामशाळेत धाडले. तेथील क्रीडांगणाचे नाव मराठी श्रोत्यांनी जरा कान देऊन ऐकावे: शिवाजी स्टेडियम. जयवीर नावाचा तरुण तेथे भालाफेकीचा सराव करी. त्या स्थूल मुलाने सहज केलेली फेक पाहून त्याने या हातातील गुण ओळखला.

पुढील चढण भराभर झाली. २०१६ साली पोलंडमध्ये ८६.४८ मीटरचा कुमारगटातील जागतिक विक्रम, मग राजपुताना रायफल्समध्ये नायब सुभेदारी.

भालाफेक ही दंडाची करामत, असे पाहणाऱ्यास वाटते. वस्तुतः ती धावेतून येते. धावत आलेला देह पुढच्या पायावर एकाएकी अडतो. तो वेग कमरेतून खांद्यात आणि खांद्यातून कोपरात चढतो. ८०० ग्रॅमच्या त्या भाल्याची खरी किंमत कोपर मोजते. २०१९ च्या मे महिन्यात नीरजच्या उजव्या कोपरावर मुंबईत शस्त्रक्रिया झाली. त्या वर्षीची जागतिक स्पर्धा हुकली. हात पूर्वीसारखा चालेल की नाही, हे कळण्यास महिने लागले. जानेवारी २०२० मध्ये दक्षिण आफ्रिकेत भाला ८७.८६ मीटर गेला आणि टोकियोचे दार उघडले. तेथे दुसऱ्याच फेकीत ८७.५८ मीटर, अ‍ॅथलेटिक्समधील भारताचे पहिले ऑलिंपिक सुवर्णपदक!

मग मराठी मुलखात कुळाचा शोध सुरू झाला. नीरज रोड समाजाचा. पानिपतानंतर तिकडेच राहिलेल्या मराठ्यांचे आपण वंशज, अशी त्या समाजातील अनेकांची श्रद्धा. श्रद्धेचा मान राखावा. परंतु तिला निर्विवाद पुराव्याचे बळ नाही, हेही सांगितले पाहिजे. शिवाय ज्या फेकीमागे कित्येक वर्षांचा घाम आहे, तिचे श्रेय अडीच शतकांपूर्वीच्या रक्ताला देणे हा त्या घामावर अन्यायच. नाते हवेच असेल, तर ते उघड्यावर पडले आहे. पानिपतच्या क्रीडांगणाला शिवाजीचे नाव आहे, आणि पुण्यात लष्कराच्या क्रीडासंस्थेतील मैदानाला ऑगस्ट २०२१ पासून नीरज चोप्राचे.

२०२४ साली पॅरिसला त्याने ८९.४५ मीटर फेक केली. पाकिस्तानच्या अर्शद नदीमने ९२.९७ मीटर फेकून सुवर्ण नेले. खंडऱ्याच्या घरी वार्ताहर जमले होते. नीरजच्या मातोश्री सरोजदेवी म्हणाल्या की आम्हांला रौप्यही सुवर्णासारखेच आहे. ज्याने सुवर्ण जिंकले, तोही आमचाच मुलगा.