खर्च मोजला, लाभ कोण मोजणार?

(बार्शीटाकळी येथे दिलेल्या व्याख्यानाचा संपादित भाग)



अर्थसंकल्प मांडला गेला की दुसऱ्या दिवशी वृत्तपत्रांत मथळे झळकतात. अमुक धरणाला इतके कोटी, तमुक रस्त्याला तितके कोटी. आम्ही पत्रकार ते छापतो, आपण ते वाचता आणि पुढारी त्याचे फलक लावतात. ‘निधी आणला’ हे वाक्य पराक्रमाच्या थाटात उच्चारले जाते. पण निधी हा लाभ नव्हे, निधी म्हणजे खर्च. त्या खर्चातून समाजाच्या पदरात काय पडले, हा खरा प्रश्न आहे आणि तोच विचारायचा राहून जातो.

हा प्रश्न शिस्तीने विचारण्याच्या पद्धतीला अर्थशास्त्रात लाभ-व्यय विश्लेषण म्हणतात. एखाद्या कामातून समाजाला होणारे सर्व लाभ रुपयांत मांडायचे, सर्व खर्चही तसाच मांडायचा आणि लाभाला खर्चाने भागायचे. भागाकार एकाहून अधिक आला तर काम करण्याजोगे. कमी आला तर चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्यांचा मसाला. ड्यूप्वी नावाच्या फ्रेंच अभियंत्याने १८४४ मध्ये या विचाराचा पाया घातला. अमेरिकेने १९३६ च्या पूरनियंत्रण कायद्यात हे तत्त्व स्वीकारले.

मात्र ही केवळ परदेशी विद्या आहे असे कोणी समजू नये. राज्यात तळी भरलेली आहेत ना, शेती केवळ पावसावर अवलंबून नाही ना, हिशेबनीस दररोज जमाखर्च सादर करतात ना, असे प्रश्न महाभारताच्या सभापर्वात नारदमुनी युधिष्ठिराला विचारतात. पैसा आणि पाणी या दोहोंचा जाब राजाला एकाच बैठकीत द्यावा लागे, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

आधुनिक काळात या शास्त्राला भारतात भक्कम बैठक देणाऱ्यांत एक मराठी माणूस अग्रभागी होता. पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेचे धनंजयराव गाडगीळ यांनी गोदावरी आणि प्रवरा कालव्यांच्या प्रत्यक्ष व अप्रत्यक्ष लाभांची पाहणी करून १९४८ मध्ये अहवाल प्रसिद्ध केला. इंग्रजी अमदानीत कालव्याची मुख्य कसोटी ही होती : पाणीपट्टीतून सरकारी तिजोरीत व्याजासह किती परत येते? गाडगिळांनी दृष्टी तिजोरीवरून शेताकडे वळवली. शेतकऱ्याचे उत्पन्न किती वाढले, मजुराला काम किती मिळाले, बाजारपेठ किती फुलली, हेही लाभच होत. १९६४ मध्ये नेमलेल्या सिंचनविषयक समितीचे अध्यक्षपदही त्यांच्याकडेच होते आणि त्या समितीने लाभ-व्यय गुणोत्तराचा पुरस्कार केला. पुढे साधारण प्रदेशातील सिंचन प्रकल्पासाठी हे गुणोत्तर किमान १.५ असावे आणि अवर्षणप्रवण भागात १ असले तरी चालावे, असा दंडक रूढ झाला.

येथे एक आक्षेप येतो. काटेकोर हिशेब लावला तर वऱ्हाडासारख्या मागे राहिलेल्या भागाला काहीच मिळणार नाही, असे म्हटले जाते. कोरडवाहू प्रदेशासाठी कसोटी मुद्दामच सौम्य ठेवलेली आहे, हे याचे उत्तर. आपला तोटा दुसऱ्याच ठिकाणी झाला आहे. दांडेकर समितीने १९८४ मध्ये राज्याचा अनुशेष ३,१८६ कोटी रुपयांचा ठरवला आणि त्यातील सुमारे ३९ टक्के विदर्भाचा होता. त्यानंतर आपण अनुशेष कोटींत मोजू लागलो. किती कोटी आले यावर भांडलो. किती एकर ओलीत झाले, याची नोंद मागायला विसरलो.

गोसीखुर्दचे उदाहरण घ्या. वैनगंगेवरील या प्रकल्पाचे भूमिपूजन १९८८ मध्ये झाले. मूळ अंदाज सुमारे ३७२ कोटींचा आणि उद्दिष्ट अडीच लाख हेक्टर सिंचनाचे. २००९ मध्ये त्याला राष्ट्रीय प्रकल्पाचा दर्जा मिळाला. पुढच्या सुधारित अंदाजात खर्च १८,४९४ कोटींवर गेला आणि साडेतीन दशके उलटूनही संपूर्ण लाभक्षेत्र ओलिताखाली आलेले नाही. खर्चाच्या वाढीत महागाईचा वाटा मोठा आहे, हे मान्य. पण ज्यांची गावे गेली त्यांनी किंमत आधी मोजली आणि ज्यांना पाणी मिळायचे ते वाट पाहत राहिले.

विलंब हिशेब कसा उलटवतो, ते एका काल्पनिक उदाहरणाने पाहू. एका बंधाऱ्याला आज एक कोटी रुपये लागतात. पुढच्या वर्षापासून २५ वर्षे तो दरसाल १२ लाखांचा लाभ देईल. उद्याचा रुपया आजच्या रुपयाहून हलका असतो, म्हणून दरसाल दहा टक्के वटाव धरला तर त्या लाभांचे आजचे मोल सुमारे १ कोटी ९ लाख भरते. काम किफायतशीर ठरले. आता पैसा आजच खर्च झाला, पण पाणी पाच वर्षे उशिरा आले असे समजा. त्याच लाभाचे मोल ६८ लाखांवर उतरते. बंधारा तोच, पाणीही तेवढेच; पण नफ्याचे काम तोट्याचे झाले. यात कोणी एक पैसाही खाल्लेला नाही! भ्रष्टाचार निदान डोळ्यांत भरतो. दिरंगाई मात्र निमूटपणे गिळते.

दुसरा दोष याहून गंभीर आहे. मंजुरीच्या वेळी गुणोत्तर काढले जाते; काम झाल्यावर ते पुन्हा तपासण्याची निकड कोणालाच वाटत नाही. २०१२ मध्ये याचे दर्शन घडले. दशकभरात राज्याचे सिंचन अवघे ०.१ टक्क्याने वाढल्याचे आर्थिक पाहणीच्या आकड्यांतून दिसले, तर त्याच वर्षीच्या श्वेतपत्रिकेने ती वाढ ५.१७ टक्के असल्याचे सांगितले. एकाच सरकारचे हे दोन आकडे. हजारो कोटींच्या खर्चाची पावती सापडते, पण लाभाविषयी एकवाक्यता नाही. पुढे माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमावी लागली.

तिसरी गोष्ट आपल्या अगदी घरची आहे. काटेपूर्णा प्रकल्प याच तालुक्यात, महान येथे उभा आहे. अकोला शहराची तहान तोच भागवतो. पाऊस कमी झाला की पाणी पिण्यासाठी राखून ठेवावे लागते आणि रब्बीच्या पाळ्यांवर गदा येते. तहानलेल्याला आधी पाणी, हा धर्मच आहे. त्याविषयी तक्रार नाही. पण गुणोत्तर फक्त बेरीज सांगते. लाभ कोणाच्या पदरात आणि भार कोणाच्या माथी, हे ते सांगत नाही. शहराची सोय लाभात लिहिली, तर कालव्याखालच्या शेतकऱ्याचा बुडालेला हरभरा खर्चात लिहिला पाहिजे. शहराने पाण्याची गळती थांबवणे, सांडपाणी शुद्ध करून वापरणे, ही मग उपकाराची बाब न राहता परतफेड ठरते.

आपण काय करावे? ग्रामसभा आहे, २००५ पासून माहितीचा अधिकार आहे. गावातील प्रत्येक सार्वजनिक कामाविषयी तीन प्रश्न लेखी विचारा. मंजुरीच्या वेळी कोणता लाभ गृहीत धरला होता? तो कोणत्या वर्षापासून मिळायला हवा होता? आज प्रत्यक्षात तो किती आणि कोणाला मिळतो? कोल्हापुरी बंधाऱ्याचे बरगे वेळेवर बसवले नाहीत, तर लाखोंचे बांधकाम कोरडे राहते. त्या बरग्यांची चौकशी करणारा कार्यकर्ता हा त्या गावाचा अर्थशास्त्रज्ञच होय.

शाखेत आपण संख्येची नोंद ठेवतो आणि घरात गृहिणी महिन्याचा हिशेब ठेवते. तीच सवय सार्वजनिक पैशाला लावायची आहे. पुढच्या वेळी कोणी निधी आणल्याचे सांगितले, तर त्याचे अवश्य अभिनंदन करा आणि नम्रपणे विचारा : पाणी शेतात कधी येईल?