नावाचा अर्थ कोणास विचारावा?

बेंगळूर शहराच्या नावाची एक कथा कर्नाटकात आवडीने सांगितली जाते. होयसळ राजा वीर बल्लाळ शिकारीत वाट चुकला. एका म्हातारीने त्यास उकडलेले दाणे खाऊ घातले. आणि त्या उपकाराच्या स्मरणार्थ गावास ‘बेंद काळूरु’, म्हणजे उकडलेल्या दाण्यांचे गाव, हे नाव मिळाले. कथा गोड आहे खरी. परंतु शहराच्या दक्षिणेस बेगूर येथील नागेश्वर मंदिरात एक वीरगळ आहे. इ. स. ८९० च्या सुमाराच्या त्या लेखात बेंगळूरच्या लढाईचा उल्लेख सापडतो. दुसरा वीर बल्लाळ राज्यावर आला तो बाराव्या शतकात. राजाला भूक लागण्यापूर्वी जवळजवळ तीनशे वर्षे गावाचे नाव रूढ होते!

गावाच्या नावाला शिळेची साक्ष मिळाली. मुलांच्या नावांना साक्ष द्यावयाची ती कोशांनी. पण कोश उघडण्याची तसदी घेतो कोण? नावांच्या पुस्तकांतून ‘आरव’ या लोकप्रिय नावाचा अर्थ ‘शांत’ असा छापलेला आढळतो. वामन शिवराम आपटे यांचा १८९० चा संस्कृत कोश पाहावा, तर आरव म्हणजे आवाज, आक्रोश. (तान्ह्या बाळाच्या रात्री ज्यांनी जागून काढल्या आहेत, ते कोशकाराच्याच बाजूने कौल देतील.) ‘अनया’ या नावाचेही तसेच. संस्कृतात अनय म्हणजे अनीती, दुर्दैव. आईबापांनी हौसेने ठेवलेल्या नावाचा हा अर्थ मुलीला एखादे दिवशी संस्कृतच्या वर्गात, चारचौघींच्या देखत कळावा, हे काही बरे नव्हे.

मात्र संशय घेणाराही दर वेळी जिंकतो असे नाही. ‘अहना’ हे नाव ऐकून जुनी मंडळी नाक मुरडतात. पण हा शब्द थेट ऋग्वेदात, उषेसाठी योजलेला आहे.

बेंगळुरात राहणाऱ्या मराठी कुटुंबांपुढे आणखी एक पेच असतो. मराठी घरात ‘मंजू’ म्हणजे मुलगी, आणि संस्कृत मंजु म्हणजे मनोहर. शेजारचा कन्नड मंजू हा बहुधा मंजुनाथ. आणि कन्नडमध्ये नुसता ‘मंजु’ म्हणजे धुके. तेव्हा नाव कोणत्या भाषेतले, हे आधी ठरवावे आणि मगच कोश निवडावा. कन्नडसाठी किटेल यांचा १८९४ चा कोश आहे. बेंगळुरातच १९१५ साली स्थापन झालेल्या कन्नड साहित्य परिषदेचा आठ खंडांचा कोश आहे. त्या कोशकार्याचे धुरीण जी. वेंकटसुब्बय्या यांनी ‘प्रजावाणी’ पत्रातील ‘इगो कन्नड’ या सदरातून वाचकांच्या शब्दविषयक शंकांना वर्षानुवर्षे उत्तरे दिली. २०२१ साली, वयाच्या १०७ व्या वर्षी ते निवर्तले.

कोशाने सर्वच उलगडते असे मात्र नाही. दगडू, धोंडू या नावांत दगडच आहे. कन्नड तिप्पण्णातील ‘तिप्पे’ म्हणजे उकिरडा. आधीची अपत्ये दगावली म्हणून, या बाळाकडे काळाची दृष्ट वळू नये, यासाठी अशी नावे ठेवीत. तेथे शब्दार्थ अचूक लावूनही त्या आईच्या मनातले कोशात सापडावयाचे नाही.

घाईचे तर काहीच कारण नाही. १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यान्वये बाळाचा जन्म नावावाचूनही नोंदविता येतो, आणि नोंदणीनंतर बारा महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क दाखल करता येते. निबंधक नावाची अक्षरे तपासून घेतो. अर्थ विचारीत नाही.