जिद्द आणि हट्ट



मागे एका वक्तृत्वस्पर्धेला परीक्षक म्हणून बसलो होतो. आठवीतला एक मुलगा उभा राहिला. आवाज खणखणीत, पाठांतर चोख. बोलता बोलता म्हणाला, ‘‘मित्रांनो, हट्ट सोडू नका. कोसळलात तर जागे व्हा.’’

नंतर त्याला जवळ बोलावून कागद पाहिला. भाषण एका छापील पुस्तकातलं. आदल्या वर्षी तेच दुसऱ्या मुलानं केलेलं, म्हणून घरच्या कोणीतरी शब्द बदलून दिले होते. ‘जिद्द’ खोडून ‘हट्ट’, ‘उठा’ खोडून ‘जागे व्हा’, ‘घाम’ खोडून ‘स्वेद’. समानार्थी शब्दांच्या यादीत हे सगळे शेजारी शेजारीच असतात. पण हट्ट लेकरू जत्रेत फुग्यासाठी करतं. जिद्द बाळगावी लागते, वर्षानुवर्षं. घाम निथळतो, घाम गाळतात. स्वेद कोणी गाळलेला मी ऐकला नाही.

आणखी एक सांगतो. हिंमत, मेहनत, जिद्द हे तिन्ही शब्द मुळात अरबी. आपला परभणी जिल्हा 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात होता. उर्दू दरबारात होती, कचेरीत होती. हे शब्द मात्र निजामाच्याही कितीतरी आधीपासून मराठीत नांदत आलेत. ‘लेका, हिंमत धर’ म्हटलं की पाठीवर हात पडतो. तिथं ‘धैर्य धारण कर’ म्हणून पाहा. अर्थ पोचतो, हात पोचत नाही.

दुसऱ्याच्या लेखनाशी कसं वागावं, हे आपल्याच गोदावरीच्या काठी, वर पैठणला, संत एकनाथांनी दाखवून दिलंय. ज्ञानेश्वरी शके 1212 ची, म्हणजे 1290 सालची. पुढच्या तीनशे वर्षांत नकलणाऱ्यांच्या हातून आणि म्हणणाऱ्यांच्या तोंडी पाठ बदलत गेले. एकनाथांनी 1584 साली पाठ शुद्ध केला आणि यात आपली ओवी कोणी घालू नये, अशी ताकीद दिली. हे सांगणारा माणूस स्वतः केवढा कवी! पण स्वतःचं म्हणायचं होतं तेव्हा त्यांनी भागवताच्या अकराव्या स्कंधावर आपली टीका लिहिली, भारुडं रचली. दुसऱ्याचं आहे ते जसंच्या तसं जपायचं, आपलं आहे ते आपल्या तोंडानं म्हणायचं. मधली वाट त्यांनी धरली नाही.

आपलं आपल्या तोंडानं कसं म्हणावं, ते आपल्या गंगाखेडच्या संत जनाबाईंकडे पाहा! त्यांच्या अभंगांत दळणकांडण येतं, कारण हाताला तेच होतं.

त्या मुलाला मी विचारलं, ‘‘बाळा, तुझ्या घरात जिद्दीचं कोण आहे?’’ तो कागदाविना बोलू लागला. दिवाळी झाली की आई-बाप कोयता घेऊन ऊसतोडीला जातात. उचल फिटल्याशिवाय परत येता येत नाही. मोळी डोक्यावर घेऊन आई फळीवरून ट्रकवर चढते. तो आणि बहीण आजीजवळ राहतात. पाणी भरून मग शाळेत येतात. पाच-सहा वाक्यं असतील. ‘उचल’ काढून ‘आगाऊ रक्कम’ घाला, रक्कम तेवढीच राहील, पण तिचं ओझं जाईल.

आपल्या राणीसावरगावातल्या गुरुजनांना, आईबापांना माझी हात जोडून विनंती आहे. येत्या 26 जानेवारीला लेकराच्या हाती शब्द बदललेला कागद देऊ नका. आधी त्याला विचारा, तुझ्या घरात काय चाललंय? ते सांगेल ते त्याच्याच शब्दांत उतरवून घ्या, आणि त्यातला एकही शब्द खोडू नका.