उंदराचे आयुष्य आणि आपला हिशेब



उंदीर किती जगतो, असे आम्ही गावोगाव विचारतो. कुणी पाच वर्षे सांगतो, कुणी दहा. शेतातला लहान उंदीर फार तर वर्षभर जगतो. घुबड, साप, मुंगूस आणि भूक बहुतेकांना त्याआधीच संपवतात. मग हा अल्पायुषी प्राणी आपली ज्वारी खाऊन पुरून कसा उरतो?

उत्तर त्याच्या वेतात आहे. मादी गाभण राहिल्यापासून 3 आठवड्यांत विते. एका वेताला 5-6 पिल्ले. जन्मताना ती उघडी आणि आंधळी असतात. 2 आठवड्यांत डोळे उघडतात, 3 आठवड्यांत दूध सुटते, दीड-दोन महिन्यांत तीच विण्याजोगी होतात. आई तर व्याल्यावर दिवसाभरातच पुन्हा गाभण राहू शकते.

आता हिशेब करा. मृगात एक मादी व्याली. 6 पिल्लांत 3 माद्या धरा. पोळ्याच्या सुमारास त्या तिघी व्याल्या की 18 पिल्ले झाली. आईची वेते वेगळी. सगळी जगत नाहीत, पण ज्वारी हुरड्यात येईपर्यंत रान उंदरांनी भरते.

आपण मात्र कणसे कुरतडलेली दिसल्यावर विषाच्या पुड्या आणायला धावतो. तेव्हा शेतात दाणा मुबलक असतो, आमिष कोण खाणार? झिंक फॉस्फाईड थोडे चाखून जो वाचला, तो पुन्हा त्याला शिवत नाही. एकट्याने मारले तर शेजारच्या धुऱ्यावरून नवे येतात. पैसा दुकानदाराला गेला, ज्वारी उंदराला.

म्हणून मारायचे ते वैशाखात. रान मोकळे, दाणा नाही, उंदीर थोडे आणि तेही धुऱ्यांवर. संध्याकाळी सगळी बिळे मातीने बुजवा. सकाळी जी उकरलेली दिसतील, त्यांतच उंदीर आहे. आधी 2 दिवस तेल लावलेला साधा भरडा ठेवा, मग विषाचा, तोही बिळात खोल. या विषावर उतारा नाही. उघड्या हाताने कालवू नका, पोरे-गुरे दूर ठेवा, मेलेले उंदीर पुरा. घुबड आणि धामण मारू नका, ते आपले फुकटचे राखणदार आहेत.

गावाने एकच दिवस ठरवावा. पडीक आणि रस्त्याच्या कडा ग्रामपंचायतीकडून करून घ्याव्यात. भाव मागायला आपण हजारोंनी एकत्र येतो, मग धुऱ्यावर एकेकटे का? गावी परतल्यावर पहिल्या बैठकीत ही तारीख पक्की करा.