संत्र्याची बर्फी

नागपूरहून परतणाऱ्या प्रवाशाच्या सामानांत संत्रा-बर्फीचा पुडा नसला, तर घरांतील मुलें रुसतात. ही बर्फी घरींच करून पाहण्याची हौस पुष्कळ गृहिणींना असते; परंतु बहुतेकींचा पहिला प्रयत्न फसतो, आणि त्याचें कारणहि एकच असतें. दूध फाटतें.

संत्र्याचें आणि दुधाचें मुळांतच वैर आहे. संत्र्याच्या रसांत सायट्रिक आम्ल असतें, आणि दुधांतील केसीन नांवाचें प्रथिन आम्लाशीं गांठ पडतांच गोळा होऊन पाण्यापासून वेगळें होतें. पनीर करणाऱ्यास हवें असतें तें नेमकें हेंच. पण तासभर उभें राहून म्हशीचें सव्वा लिटर दूध आटवावें, त्यांत मोठ्या उमेदीनें रस ओतावा, आणि डोळ्यांदेखत चोथा एकीकडे व पाणी एकीकडे व्हावें, यासारखा हिरमोड स्वयंपाकघरांत दुसरा नाहीं. दुधाचा भाव ठाऊक असलेल्या घरांत हें नुकसान थट्टेवारी नेण्यासारखेंहि नसतें.

तेव्हां या दोघांची भेट शेवटीं घडवावी. तीहि दोघांच्या अंगांतील पाणी बव्हंशीं आटल्यानंतर.

पाव किलो खव्यास मध्यम आकाराचीं 4 संत्रीं आणि 150 ग्रॅम साखर पुरे होते. फोडींवरचा पातळ पापुद्रा आणि सर्व बिया काढून निव्वळ गर घ्यावा. हें काम कंटाळवाणें खरें. परंतु येथें केलेल्या आळसाचें प्रायश्चित्त दुसऱ्या दिवशीं भोगावें लागतें. बिया आणि पापुद्रे यांत एक बेचव द्रव्य असतें. आम्लाच्या संगतींत, आणि त्यांतहि उष्णता मिळाली म्हणजे, त्याचें लिमोनिन नांवाच्या कडू पदार्थांत रूपांतर होतें. ताजा रस गोड लागतो आणि शिजवून ठेवलेला कडवट, तो यामुळेंच. साखर वाढवून हा कडूपणा झांकूं पाहणें व्यर्थ होय.

गर आणि साखर जाड बुडाच्या स्टीलच्या पातेल्यांत मंद आंचेवर आटवावी. पितळेचें भांडें, तेंहि कल्हई उडालेलें, आंबट पदार्थास वर्ज्य आहे. चमचा फिरविल्यावर तळाशीं वाट उघडी राहूं लागली कीं पाक उतरवून कोमट होऊं द्यावा. दुसऱ्या भांड्यांत खवा मऊ होईतों परतावा, विस्तवावरून खालीं घ्यावा, आणि मग त्यांत तो पाक दोन-तीन वेळां थोडा थोडा मिसळावा. पुन्हां मंद आंच द्यावी. मिश्रणाचा गोळा होऊन तें कडा सोडूं लागलें कीं थांबावें. थोडा रवाळपणा येतो, पण बर्फीला तो शोभतोच.

आतां सुगंधाचें. संत्र्याचा वास रसांत शोधणाऱ्यांची नेहमींच निराशा होते, कारण तो मुख्यतः सालींत असतो. साल दुमडून निरांजनाच्या ज्योतीजवळ दाबली असतां उडणाऱ्या तुषारांच्या ठिणग्या होतात, हा खेळ पुष्कळ मुलांनीं केलेला असतो. ते तुषार म्हणजेच सालीच्या बारीक पुटकुळ्यांतलें सुगंधी तेल. तें उष्णतेनें उडून जातें. म्हणून स्वच्छ धुतलेल्या एका संत्र्याच्या सालीचा केवळ केशरी भाग बारीक किसून, भांडें उतरविल्यावर शेवटींच घालावा. चिमूटभराहून अधिक नको.

फळाची निवडहि पाहून करावी. नागपुरी संत्र्यास 2014 सालीं भौगोलिक मानांकन मिळालें असलें, तरी वरुड-काटोलकडील बागांतून येणारें प्रत्येक फळ एका चवीचें नसतें. दिवाळीच्या सुमारास येणारा आंबिया बहार किंचित् आंबट, तर फेब्रुवारी-मार्चमधील मृग बहार अधिक गोड. त्याप्रमाणें साखर थोडी कमी-अधिक करावी.

तूप लावलेल्या ताटांत मिश्रण अर्धा इंच जाड थापून तीन-चार तास स्वस्थ ठेवावें, आणि त्यानंतरच वड्या पाडाव्या. घाई केल्यास कडा तुटतात. घरच्या वडीचा रंग फिकट पिवळा येतो. बाजारांतील भडक केशरी छटा बहुधा घातलेल्या रंगाची असते. मुलें प्रथम नाक मुरडतील, पण वडी त्यांच्या नाकाजवळ नेऊन पाहावी. वड्या शीतकपाटांत चार दिवस चांगल्या राहतात, अर्थात् उरल्या तर.