फाइल समोर दिसतेय, मशीन म्हणतंय ‘नाही’

मागच्या महिन्यात कुपवाडला मामाकडे गेलो होतो. एमआयडीसीच्या वाटेवर त्याचं छोटं झेरॉक्सचं दुकान आहे. शिफ्ट सुटली की कामगारांची गर्दी होते. कुणाला सातबारा, कुणाला पीएफचा कागद, कुणाला पोराचा बायोडाटा. त्याचा जुना कॉम्प्युटर फार रखडत होता, म्हणून मी मोठ्या हौसेने त्यावर लिनक्स टाकून दिलं. झालं! संध्याकाळी प्रिंटर गप्प. दिवा हिरवा, कागद भरलेला, टोनर आहे, केबल नीट. आणि स्क्रीनवर दोनच शब्द: ‘फिल्टर फेल्ड’.

मामा म्हणाला, “दहा वर्षं राबलाय बिचारा. घाल भंगारात, नवीन आणूया की.” काउंटरवर सहा-सात माणसं उभी, आणि चूक माझी.

फिल्टर म्हटलं की आपल्याला चहाची गाळणी आठवते. पण हा काही गाळत नाही, हा रूप बदलतो. तुम्ही मोबाइलवरून जी पीडीएफ पाठवता, तिच्यात बहुतेक सूचना असतात: या जागी हे अक्षर, या मापाचं, इथे रेघ. महागड्या प्रिंटरला अशा सूचना स्वतः वाचता येतात. मामाच्या स्वस्त लेझरला फक्त ठिपके कळतात. आता ए-फोर कागद आणि ६०० डीपीआय धरा. आडवे ४९६० ठिपके, उभे ७०१६. गुणाकार जवळपास साडेतीन कोटी! एका पानाचे. त्यातला प्रत्येक काळा की कोरा, हे कॉम्प्युटरने आधी ठरवून द्यायचं.

लिनक्सवर हे काम ‘कप्स’ नावाची व्यवस्था बघते. मायकेल स्वीटने ती १९९९ मध्ये आणली, पुढे ॲपलनेही मॅकसाठी घेतली. तिच्यात फिल्टरची साखळी असते. स्लॅबच्या दिवशी घमेली हातोहात जातात ना, तसं. एक फिल्टर पानं क्रमाने लावतो, दुसरा सूचनांचे ठिपके करतो, आणि शेवटचा ते ठिपके त्या प्रिंटरच्या खास भाषेत बांधून देतो. हा शेवटचा बहुतेक वेळा कंपनीचा असतो. मधला एक गडी खाली बसला की स्लॅब थांबला.

जाता जाता, वजनकाट्यावरचा डॉट मॅट्रिक्स बघितलाय? इंग्रजी पावती टर्रर्र करून निघते, कारण इंग्रजी अक्षरं प्रिंटरच्या पोटातच असतात. मराठी काढायचं तर बहुधा सगळं चित्र म्हणून पाठवावं लागतं, म्हणून वेळ लागतो. डॉसच्या जमान्यात तर कॉम्प्युटरवर देवनागरी दिसण्यासाठी पुण्याच्या सी-डॅकचं जिस्ट कार्ड आत बसवत. आपल्या जोडाक्षरांनी यंत्रांना कायम कामाला लावलंय.

असो. मी कप्सचा लॉग उघडला. तिथे लिहिलं होतं की शेवटचा फिल्टर चालवता येत नाही, ‘अशी फाइल नाही’. फोल्डर उघडला, तर फाइल तिथेच! मला वाटलं, डोळे बिघडले. परत बघितलं, आहे. परत चालवलं, नाही. अर्धा तास असाच गेला. मामाने दोन वेळा चहा आणला, काही न बोलता, आणि ते जास्त लागलं.

मग सुचलं म्हणून ‘फाइल’ ही कमांड चालवली, आणि कोडं सुटलं. तो फिल्टर ३२-बिटचा होता, मी टाकलेली सिस्टिम ६४-बिटची. असा प्रोग्राम सुरू करायला ३२-बिटचा एक लोडर लागतो, आणि बरोबर त्याच्या लायब्ररी फाइली. माझ्याकडे तो लोडरच नव्हता. ‘फाइल नाही’ ही तक्रार फिल्टरची नव्हतीच, लोडरची होती. निरोप मात्र असा की माणूस भलतीकडेच शोधत बसेल. इतकी वर्षं झाली, हा निरोप कुणी सुधारत का नाही, देव जाणे.

ती पॅकेजेस टाकली, प्रिंट दिली, आणि प्रिंटर घरघरला. पहिलं पान एका काकांचा सातबारा.

पण मला राग याचा आला की त्या प्रिंटरच्या लोखंडात काहीच बिघाड नव्हता. बनवणाऱ्यांनी फिल्टरचा मूळ कोड दिला नव्हता, फक्त तयार फाइल. ६४-बिटची हवी तर मी कुठून बनवणार? असे किती चांगले प्रिंटर एका फाइलपायी भंगारात जात असतील! २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टनेही जाहीर केलंय की विंडोजमध्ये कंपन्यांच्या प्रिंटर ड्रायव्हरचा आधार टप्प्याटप्प्याने थांबवणार. नवे प्रिंटर आयपीपी नावाची सामायिक भाषा बोलतात, त्यांना अडचण नाही. मामाचा ती बोलत नाही.

आणि एक. ‘डीएलएल मिसिंग’ आलं की आपण गुगलवर पहिली साइट दिसेल तिथून फाइल उतरवतो. प्लीज नको. फिल्टर हा प्रोग्राम असतो, तुमच्या मशीनवर चालतो. सप्टेंबर २०२४ मध्ये सिमोने मार्गारितेली या संशोधकाने दाखवलं की कप्सला नेटवर्कवरून खोटा प्रिंटर चिकटवता येतो, आणि त्याच्यावर प्रिंट दिली की फूमॅटिक-रिप या फिल्टरमार्फत हल्लेखोराची कमांड चालते. दुरुस्त्या आल्या, पण अपडेट केलं तरच उपयोग.

प्रिंटर चालू आहे तोवरच त्याच्या अधिकृत साइटवरून ड्रायव्हर उतरवून ठेवा. साइटवरची जुनी पानं कधी गायब होतील, सांगता येत नाही. मामाचा मी पेनड्राइव्हवर घेतला. त्याने त्यावर पट्टी चिकटवून ‘प्रिंटरचं औषध’ असं लिहिलं आणि गल्ल्यात टाकला.